गायक गेला तरी सिंगल काढा, पण आधी 'टेलस्टार' ऐका

तुमची अडचण अशी दिसते: गायक नोकरीसाठी बंगळूरला गेला. उरलेल्या चौघांना बिनशब्दांची रॉक धून सिंगल म्हणून काढायची आहे, स्टुडिओचं भाडं परवडत नाही आणि शब्द नसतील तर कोणी दुसऱ्यांदा ऐकेल का, ही धास्ती आहे. मी पंचवीसेक वर्षं ऑर्केस्ट्रांत कीबोर्ड वाजवतोय, घरी रेकॉर्डिंगही करतो. असं कोणी विचारलं की मी 'द टॉर्नेडोज' या ब्रिटिश बँडची १९६२ सालची 'टेलस्टार' ऐकायला सांगतो. सव्वातीन मिनिटांची धून आहे. आज रात्री हेडफोन लावून तीनदा ऐका, मग पुढचं वाचा.

ही तबकडी घडली लंडनच्या ३०४, हॉलोवे रोड या पत्त्यावर, चामड्याच्या वस्तूंच्या दुकानावरच्या भाड्याच्या घरात. तबकडीचा निर्माता, जो मीक नावाचा माणूस, तिथेच राहायचा आणि तिथेच रेकॉर्डिंग करायचा. हवाई दलात रडारवर काम केलेला, नंतर मोठ्या स्टुडिओत इंजिनिअर म्हणून तयार झालेला हा माणूस. त्याच्याकडे गायकाला न्हाणीघरात आणि वादकांना जिन्यात उभं करून रेकॉर्डिंग व्हायचं. म्हणजे स्टुडिओ नाही ही अडचण तुमच्या आधी त्यालाही होती.

१० जुलै १९६२ला टेलस्टार हा उपग्रह सोडला गेला आणि अटलांटिकपलीकडची चित्रं थेट टीव्हीवर दिसू लागली. ते बघून मीकला धून सुचली. पण त्याला वाद्य वाजवता येत नव्हतं, नोटेशन लिहिता येत नव्हतं. त्याने भलत्याच एका गाण्याचा साथीचा ट्रॅक लावला आणि त्यावर स्वतःच्या आवाजात धून गाऊन टेप केली. ती टेप आजही ऐकायला मिळते. सूर जागेवर नाही, खालचा ट्रॅक वेगळ्याच गाण्याचा, तरी धून ओळखू येते. मला या सगळ्या गोष्टीतलं सर्वांत मोलाचं वाटतं ते हेच. ती धून गिटारवर बोटं फिरवताना सापडलेली नाही, ती गळ्यातून आली. म्हणून तिच्यात श्वासाच्या जागा आहेत. आपण गिटारवाले आणि कीबोर्डवाले बोटांना सोपं जाईल ते रचत बसतो. ते ऐकणाऱ्याच्या ओठांवर येत नाही.

टॉर्नेडोज हे बिली फ्युरी या गायकाचे साथीदार. त्या उन्हाळ्यात त्यांचे कार्यक्रम ग्रेट यार्मथला चालू होते. मधल्या वेळात लंडनला येऊन त्यांनी ड्रम, बेस, गिटारी वाजवल्या आणि काम पुरतं व्हायच्या आत परत गेले. मुख्य धून नंतर मीकसाठी गाणी लिहिणाऱ्या जेफ गोडार्डने क्लेव्हिओलिन या विजेवर चालणाऱ्या छोट्या कीबोर्डवर वाजवली. शेवटच्या फेरीत शब्दांवाचून आलाप लावणारा आवाजही त्याचाच.

क्लेव्हिओलिनचा आवाज आपल्या कानांना परका नाही. १९५४च्या 'नागिन'मध्ये हेमंतकुमारांच्या संगीतात 'मन डोले मेरा तन डोले'ची जी बीन वाजते, ती कल्याणजींनी क्लेव्हिओलिनवर वाजवलेली आहे, जोडीला रवींची हार्मोनियम. कॉन्स्टंट मार्टिन या फ्रेंच माणसाने १९४७मध्ये बनवलेलं हे वाद्य. तीन सप्तकांची छोटी पट्टी आणि एका वेळी एकच सूर. कॉर्ड दाबताच येत नाही. एकच सूर वाजत असल्यामुळे तो गळ्यासारखा वागतो.

ही बीन मी कार्यक्रमांत शेकडो वेळा वाजवली आहे. सुरुवातीची काही वर्षं कीबोर्डमधला तयार टोन लावायचो. समोरचे लोक टाळ्या द्यायचे, पण गाण्यात जीव यायचा नाही. मग एका जुन्या वादकाने माझा उजवा हात धरून सांगितलं, "पट्टी सोडू नकोस, पुढची दाबल्यावर मागची सोड." त्याने सूर एकमेकांना चिकटले. कंप सुराच्या सुरुवातीपासून न देता सूर स्थिरावल्यावर द्यायचा, आणि आवाज पायाच्या पेडलने प्रत्येक ओळीत फुगवायचा-उतरवायचा. एवढं केल्यावर त्याच कीबोर्डमधून ती बीन निघाली. तुमची लीड गिटार असो की सिंथ, तिला आधी हे शिकवा. गायकाची जागा ती घेणार आहे.

मीकचं रेकॉर्डिंगचं तंत्र थोडक्यात सांगतो. एका टेपयंत्रावरचं वाजवायचं, त्याच्याबरोबर नवीन भर घालायची आणि दोन्ही मिळून दुसऱ्या यंत्रावर उतरवायचं, अशी थरावर थर चढवण्याची पद्धत. एकदा उतरवलं की मागे जाऊन बेस कमी करता येत नाही, म्हणून प्रत्येक थराला निर्णय पक्का करावा लागायचा. तुमच्या लॅपटॉपवर ट्रॅकना मर्यादा नाही, आणि घरच्या रेकॉर्डिंगचा खरा घोटाळा तिथेच होतो. आठ ट्रॅकच्या पुढे जाऊ नका. 'टेलस्टार'च्या मधल्या कडव्यात धून गिटारकडे जाते ते नीट ऐका. तोच सूर, फक्त आवाज बदलला, आणि कान पुन्हा ताजा झाला. तुमच्याही धुनेत एकदा असा खांदेपालट करा.

ऑगस्टमध्ये डेक्का या रेकॉर्ड कंपनीने 'टेलस्टार'ची तबकडी काढली. इंग्लंडमध्ये ती पाच आठवडे पहिल्या क्रमांकावर राहिली. डिसेंबरमध्ये अमेरिकेतही पहिली आली. तिथे त्या जागी पोचलेला हा पहिला ब्रिटिश गट, बीटल्सच्या आधीचा.

एक गोष्ट मात्र मनाला लागून राहते. झाँ लद्रू या फ्रेंच संगीतकाराने धून चोरल्याचा दावा लावला आणि मीकची रॉयल्टी अडकली. फेब्रुवारी १९६७मध्ये मीकने घरमालकिणीला गोळी घातली आणि मग स्वतःला. त्यानंतर तीनेक आठवड्यांनी निकाल त्याच्या बाजूने लागला. म्हणून कळकळीने सांगतो, रचना कोणाची आणि वाटा किती हे चौघांनी रेकॉर्डिंगच्या आधी कागदावर लिहून सह्या करा, आणि पहिल्या कच्च्या टेपा तारखेसकट जपून ठेवा.

सध्या ड्रम, ॲम्प, मिक्सिंग काही नको. धून फोनवर नुसती गुणगुणून इथे टाका. दोन दिवसांनी मला ती न ऐकता आठवली, तर पुढचं रेकॉर्डिंग कसं करायचं ते एकेक ट्रॅक घेऊन सांगतो.