क्यूआर, पिन आणि गल्ला: दुकानदारांचे प्रश्न

प्रश्न: माझी वडापावची गाडी आहे. गर्दीत गिऱ्हाईक हिरवी टिक दाखवून जातं, रात्री हिशोबाला दोन-तीनशे कमी भरतात. क्यूआर काढून टाकू का?

काढू नका हो. यूपीआय 2016 ला आलं, बँक खात्यातून आलेल्या पैशावर 2020 पासून दुकानदाराला चार्ज नाही आणि सुट्ट्या पैशांची कटकट गेली ती वेगळीच. पण तशीच टिक दाखवणारी खोटी अ‍ॅप्स फिरतायत, त्यामुळे पैसे आले की नाही ते गिऱ्हाइकाच्या मोबाईलवर बघायचंच नाही. साउंडबॉक्स, म्हणजे पैसे जमा झाले की मोठ्याने बोलून सांगणारा डबा, तो घ्या, महिन्याला भाडं पडतं खरं, पण हात बेसनाने भरलेले असताना मोबाईल कोण उघडणार, आवाज आला की मगच वडापाव हातात द्यायचा. आणि सकाळी गाडी लावली की स्वतःच एकदा कोड स्कॅन करून नाव कुणाचं येतंय बघा, रात्रीत आपल्या स्टिकरवर दुसऱ्याचा स्टिकर चिकटवून जातात लोक.

प्रश्न: जुना फ्रीज विकायला ऑनलाइन टाकला. घेणारा म्हणाला, कोड स्कॅन करून पिन टाका, अ‍ॅडव्हान्स जमा होईल. काल 8 हजार गेले.

ताई, आधी 1930 ला, म्हणजे सायबर फसवणुकीच्या सरकारी हेल्पलाइनला फोन लावा, बाकीचं नंतर वाचा. पैसे पुढच्या खात्यातून काढले गेले नसतील तर तिथेच अडवता येतात, म्हणून एकेक तास महत्त्वाचा. बँकेलाही कळवा, यूटीआर, म्हणजे त्या व्यवहाराचा ओळख नंबर, जवळ ठेवा. पैसे घ्यायला पिन कधीच लागत नाही, हे घरात सगळ्यांना सांगा. आणि लाज वाटून गप्प बसू नका, भल्याभल्यांचे गेलेत.

प्रश्न: यूपीआय घेतलं की टॅक्सची नोटीस येते म्हणे. किराणा दुकानात कॅशच घेऊ?

जुलै 2025 मध्ये कर्नाटकात यूपीआयच्या आकड्यांवरून छोट्या दुकानदारांना जीएसटीच्या नोटिसा गेल्या, भीती तिथून पसरली. पण कॅशची विक्रीही विक्रीच धरतात. महाराष्ट्रात राज्यातल्या राज्यात नुसता माल विकणाऱ्याला वर्षाला 40 लाखांच्या उलाढालीपर्यंत साधारणपणे जीएसटी नोंदणी लागत नाही. इन्कम टॅक्सच्या अंदाजित नफ्याच्या योजनेत तर कॅश विक्रीवर किमान 8 टक्के नफा धरतात, डिजिटलवर 6, म्हणजे यूपीआय तुमच्या फायद्याचंच. घोळ होतो तो भावाने पाठवलेले पैसे, भिशी, उसनवारी सगळं दुकानाच्याच क्यूआरवर घेतल्यामुळे. दुकानाचं खातं वेगळं काढा, याच आठवड्यात.

प्रश्न: व्हॉट्सअ‍ॅपवर लग्नपत्रिका आली, उघडताना इन्स्टॉल करा म्हणते.

ती पत्रिका नाही, एपीके म्हणजे मोबाईलमध्ये अ‍ॅप बसवणारी फाइल आहे, तुमचे ओटीपीचे मेसेज वाचायला बसवतात. डिलीट करा. ज्याच्या नंबरवरून आली त्यालाही फोन करून सांगा, बहुतेक त्याचाच मोबाईल आधी फसलाय.