घरच्या गोष्टीवरची फिल्म बाहेरच्यांनी का बघावी?

आईच्या पोळीभाजी केंद्रावर शॉर्टफिल्म करायचीय, पण आमच्या घरचं परक्या माणसाला का बघावंसं वाटेल, असं तुम्ही विचारलंय. मी मुंबईत स्वतःच्या आणि मित्रमैत्रिणींच्या पैशांवर फिल्म करते, त्यामुळे माझी पद्धत तेवढी सांगते: माणसाला मनातलं विचारू नका, कामातलं विचारा.

माझी आजी परळला गिरणी कामगारांची खाणावळ चालवायची. १८ जानेवारी १९८२ला डॉ. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली संप सुरू झाला, सुमारे अडीच लाख कामगार त्यात उतरले, आणि तो अधिकृतपणे कधी मागे घेतलाच गेला नाही. हे सगळं पुस्तकांत आहे. आजीला ‘संपात काय वाटायचं गं?’ विचारलं तर म्हणते, ‘वाटायचंय काय, दिवस काढले.’ पण ‘कोण काय जेवायचं?’ म्हटलं की थांबत नाही. घाटावरच्यांना भाकरी, कोकणातल्यांना भात आणि माशाचं कालवण, रात्रपाळीवाल्याचं ताट झाकून ठेवलेलं. पैसे पगार झाल्यावर. पगारच थांबला तेव्हा उधारीची वही कशी भरत गेली ते सांगताना ती पीठ मळत होती. ‘हा गावी गेला, हा पण गेला,’ म्हणत मळून झालेलं पीठ पुन्हा मळायला घ्यायची. मी कॅमेरा हातांवरून हलवलाच नाही.

वाचन मात्र आधी हवंच. खाणावळवाल्या बायकांना एकत्र आणून प्रेमा पुरव यांनी १९७५मध्ये अन्नपूर्णा महिला मंडळ उभं केलं. ते फिल्ममध्ये नाही, पण ते वाचलं म्हणूनच वाण्याची उधारी आणि सावकाराचं व्याज याबद्दल विचारायचं सुचलं.

पायल कपाडियांच्या ‘ऑल वी इमॅजिन ॲज लाइट’ला २०२४मध्ये फ्रान्समधल्या कान फिल्म फेस्टिव्हलमध्ये ग्राँ प्री हे मोठं पारितोषिक मिळालं. त्या फिल्ममध्ये छाया कदम यांची पार्वती चाळीतलं घर गमावते, कारण ती तिथे राहत असल्याचा कागदच तिच्याकडे नाही. पुनर्विकास एका कागदावर येऊन ठेपतो. लालबाग-परळमध्ये हे कुणाला समजवावं लागत नाही, आणि फ्रान्समध्येही कळलंच की!

तेव्हा आईला विचारा, आज किती पोळ्यांची कणीक भिजवायची हे तिला कसं कळतं? पाऊस, महिनाअखेर, श्रावण, लोकलचा गोंधळ, सगळी मुंबई त्या उत्तरात येईल. बोलणं रेकॉर्ड करताना एक्झॉस्ट फॅन बंद ठेवा, लाटण्याचा आणि तव्याचा आवाज वेगळा घ्या.

आणि कच्चं एडिट सगळ्यांत आधी आईला दाखवा. आजीने वहीतलं एक नाव काढायला सांगितलं, त्या माणसाची बायको अजून त्याच चाळीत राहते. मी लगेच काढलं. आईने काही काढायला सांगितलं तर वाद घालू नका. म्हणूनच हे सबटायटल करायच्या आधी उरकून घ्या, नंतर सगळे टायमिंग हलतात.