‘अमिना’ की ‘आमिना’?

‘अमिना’ या अरबी नावाचा अर्थ काय आणि ते ‘आमिना’ असे लिहिले तर चालेल का, असा प्रश्न एका वाचकाने विचारला आहे. ‘आमिना’ आणि ‘अमीना’ ही एकाच नावाची दोन रूपे नसून दोन स्वतंत्र नावे आहेत, आणि ‘अमिना’ हे लेखन त्यांपैकी एकाशीही पुरते जुळत नाही.

दोन्ही नावे हमझा, मीम आणि नून या तीन व्यंजनांच्या धातूपासून आलेली आहेत. निर्धास्त असणे आणि विश्वास ठेवणे हे दोन्ही अर्थ या धातूच्या पोटात आहेत. ‘आमिना’ हे कर्तृवाचक रूप असून जिला भय नाही, जी सुरक्षित आहे, ती आमिना; फातिमा आणि आयेशा ही नावे याच साच्यातली. ‘अमीना’ म्हणजे जिच्यावर विसंबून राहावे अशी, विश्वासू. तिचा साचा जमीला, हलीमा, सईदा यांचा. पैगंबर मुहंमद यांच्या आईचे नाव आमिना होते आणि परंपरेनुसार खुद्द पैगंबरांना मक्केतले लोक ‘अल-अमीन’ म्हणत, म्हणजे आईचे नाव आणि मुलाची उपाधी एकाच धातूची असूनही घडणीने वेगळी आहे.

उर्दू लिपीत हा फरक डोळ्यांना लगेच दिसतो, कारण आमिनाच्या आरंभी मद (दीर्घ ‘आ’ दाखवणारी खूण) घातलेले अलिफ हे अक्षर असते, तर अमीनात मीमनंतर दीर्घ ‘ई’साठी ‘ये’ हे अक्षर येते. मराठी वाचकाला तो गणांनी अधिक लवकर पटेल: ‘आमिना’ हा र-गण (गुरू-लघू-गुरू), ‘अमीना’ हा य-गण (लघू-गुरू-गुरू). आपल्याकडे मात्र गरीब-गरिबी, कीड-किडा या शब्दांमुळे हाताला लागलेली उपान्त्य ऱ्हस्वाची सवय परक्या विशेषनामांतही शिरते आणि अमीनाची ‘अमिना’ होते. तरीही जी स्त्री स्वतःचे नाव तसे लिहिते, तिचे नाव सुधारायला जाऊ नये. तो व्याकरणाचा नव्हे, सभ्यतेचा प्रश्न आहे.

या धातूचे गोत मराठीत बरेच आहे. अरबीत ‘ईमान’ म्हणजे श्रद्धा. मराठीत आल्यावर त्याचा अर्थ धन्याशी वा दिल्या शब्दाशी एकनिष्ठता असा झाला, म्हणूनच कुत्रा ‘इमानी’ असतो आणि नोकरी ‘इमानेइतबारे’ केली जाते. ‘अमानत’ म्हणजे विश्वासाने सोपवलेली ठेव, आणि त्यातल्या म-न या वर्णांची अदलाबदल होऊन आपला ‘अनामत’ हा शब्द तयार झाला. निवडणुकीत पडलेल्या उमेदवाराची जी रक्कम जप्त होते, ती अशी अमीनेच्याच माहेरची आहे.