आधी ‘पॅकेज’ उघडा, मग कर्जाचं बोलू

प्रश्न: वय 33, प्रतापनगर, नागपूर. स्वतंत्र चित्रपट आणि लघुपटांना संगीत देतो, वर्षाला साडेसहा लाख मिळतात. घरी स्टुडिओ करायला 14 टक्क्यांनी 5 लाखांचं पर्सनल लोन घेऊ का? एक पॉलिसी आहे: हप्ता वर्षाला 60,000, कव्हर 6 लाख, 20 वर्षांनी 22 लाख. दोन चित्रपटांच्या नफ्यात 10-10 टक्के वाटाही कबूल झालाय. घरी पत्नी आणि दोन वर्षांची मुलगी.

उत्तर: साडेसहा लाख ही तुमची उलाढाल झाली. कमाई किती, ते तुमच्याच पत्रात खाली सापडलं. मागच्या चित्रपटाचं पॅकेज, म्हणजे मानधन आणि सगळा खर्च मिळून एकच रक्कम, 1 लाख 20 हजारांचं. त्यातून बासरीवाला, सारंगीवाला, गायिका, स्टुडिओचं भाडं, मिक्सिंग आणि विदर्भ एक्स्प्रेसने मुंबईच्या दोन चकरा. वर पिक्चर लॉक झाल्यावर, म्हणजे संकलन पक्कं ठरल्यावर, दिग्दर्शकाने उत्तरार्ध पुन्हा कापला, सारंगीवाल्याला परत बोलवावं लागलं, तेही तुमच्याच खिशातून. उरले 45 हजार. याच मापाने वर्षाला अडीच लाखांच्या आत, महिन्याला 20 हजार. पाच वर्षांच्या कर्जाचा हप्ता 11,600, पॉलिसीचे 5,000. राहिलेल्या साडेतीन हजारांत घर चालवणार?

तर कर्ज नको. तसंही तुमच्या स्टुडिओच्या यादीत माइक, स्पीकर, इंटरफेस सगळं आहे, एसी नाही. मे महिन्यात बंद खोलीत कूलरशिवाय सारंगी कोण वाजवेल, बाप्पा? आणि कूलर लावला तर रेकॉर्ड घरघरच होणार.

पुढचं कोटेशन दोन भागांत द्या. तुमचं मानधन वेगळं. वादक, स्टुडिओ, मिक्सिंगचा खर्च वेगळा, तो निर्मात्याने थेट भरायचा. लॉकनंतर कट बदलला तर जादा पैसे, हे लेखी घ्या. व्हॉट्सअ‍ॅपवरचं ‘हो दादा, करू’ म्हणजे करार नव्हे.

नफ्यातला वाटा शून्य धरा. उधारी, व्याज, महोत्सवांच्या प्रवेश फी वजा झाल्यावर छोट्या चित्रपटाचा नफा कागदावर उरतो कुठे? कायद्याने जे तुमचं आहे तिकडे मात्र तुमचं लक्षच नाही. कॉपीराइट कायद्यातल्या 2012च्या दुरुस्तीनंतर, चित्रपटगृहातलं प्रदर्शन वगळता, इतर वापराच्या रॉयल्टीतला संगीतकाराचा वाटा निर्मात्याला लिहून देता येत नाही. ‘सर्व हक्क कायमचे’ अशा ओळीवर सही केली असली तरी. संगीतकार-गीतकारांची रॉयल्टी गोळा करणाऱ्या आयपीआरएस या संस्थेचं सभासदत्व घ्या, प्रत्येक रचना नोंदवा. लाखो येतील म्हणून नाही, आपलं सोडू नये म्हणून.

आता ती पॉलिसी. 12 लाख भरून 20 वर्षांनी 22 लाख म्हणजे साडेपाच टक्के. साधं पीपीएफ सध्या 7.1 देतं. आणि उद्या तुम्हाला काही झालं तर बायको-मुलीने 6 लाखांत किती दिवस काढायचे, हे विकणाऱ्याने सांगितलं नसणार. त्याने कमिशन पाहिलं. आधी मोठ्या रकमेचा टर्म विमा (फक्त मृत्यूनंतर कुटुंबाला पैसे देणारा) आणि कुटुंबाचा आरोग्य विमा घ्या. तो हातात पडल्यावरच या पॉलिसीची सरेंडर रक्कम (आज मोडली तर मिळणारी) आणि पेड-अप रक्कम (हप्ते थांबवून पॉलिसी तशीच ठेवली तर मिळणारी) कंपनीकडून लेखी मागवा.

सध्याच्या लॅपटॉप-हेडफोनवर काम चालू द्या, वादकांपुरता स्टुडिओ तासावर घ्या. नव्या पद्धतीची तीन बिलं वसूल झाली की आकडे पाठवा.