वाचकांचे प्रश्न : ललिता पवार

‘राजा हरिश्चंद्र’मध्ये बायका नव्हत्याच, तारामतीही पुरुषानेच केली होती. मग ललिता पवारांचे पदार्पण त्या चित्रपटातून झाले असे कसे लिहितात? (कोल्हापूर)

नाव एक, चित्रपट दोन. दादासाहेब फाळक्यांचा १९१३चा. त्यात तारामती झाले अण्णा साळुंके. ललिताबाईंचा १९२८चा, तोही मूकपट. येवल्यात १८ एप्रिल १९१६ला जन्मलेली अंबा सगुण (हे ललिताबाईंचे मूळ नाव) तेव्हा बारा वर्षांची होती. पुढे त्या नायिका झाल्या. १९३२च्या ‘कैलास’ या मूकपटाच्या निर्मितीत त्यांचा वाटा होता आणि १९३८चा ‘दुनिया क्या है’ हा बोलपट त्यांनीच काढला. खाष्ट सासू ही ओळख फार नंतरची.

भगवानदादांच्या थपडेने डोळा गेला आणि त्या तीन वर्षे घरीच बसल्या, हे खरे का? (सातारा)

निम्मे खरे. १९४२मध्ये ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रीकरणात भगवान यांनी मारलेली थप्पड जोरात बसली. चेहऱ्याला अर्धांगवायू झाला आणि डाव्या डोळ्यातली शीर फुटली. उपचार तीन वर्षे चालले, डोळ्यातला दोष मात्र कायम राहिला. पण घरी बसल्या म्हणावे, तर १९४४मध्ये प्रभातच्या ‘रामशास्त्री’त आनंदीबाई आहेच! ‘ध’चा ‘मा’ करणारी ही बाई त्यांनी मोठ्या ताकदीने उभी केली. नायिकेची कामे सुटली, काम सुटले नाही.

चित्रपट किंवा छायाचित्र पाहताना एक घोळ हमखास होतो. त्यांचा डावा डोळा म्हणजे पडद्यावर आपल्या उजव्या हाताचा. जुने छायाचित्र उलटे छापले गेले असेल तर बारीक डोळा भलत्याच बाजूला दिसतो. अशा वेळी मागची पाटी किंवा साडीचा पदर बघा. नेहमीचा पदर डाव्या खांद्यावर असतो. उजव्यावर दिसला तर छायाचित्र उलटे असण्याचा संभव आहे. गुजराती पद्धतीच्या साडीला मात्र ही खूण लागू नाही.

त्यांची सगळी कामे एकसारखीच वाटतात. कुठून सुरुवात करावी? (नाशिक)

व्ही. शांताराम यांच्या ‘दहेज’पासून (१९५०) सुरुवात केलीत तर तसेच वाटणार, कारण तिथे त्या छळणारी सासूच आहेत. त्याऐवजी १९५५चे दोन चित्रपट लागोपाठ बघा. ‘श्री ४२०’मध्ये केळी विकणारी गंगामाई, तर ‘मिस्टर अँड मिसेस ५५’मध्ये मधुबालाची श्रीमंत, पुरुषद्वेष्टी आत्या सीतादेवी. दोघींचा आवाजही चढा आहे, पण गंगामाईच्या चढ्या सुरात माया आहे आणि सीतादेवीच्या सुरात हुकूम.

त्यानंतर ‘अनाडी’ (१९५९). यातली मिसेस डिसा दिवसभर भाडेकरूवर करवादते आणि भेसळीच्या औषधाने मरते. या कामासाठी त्यांना सहायक अभिनेत्रीचे फिल्मफेअर मिळाले, आणि आमच्या मते त्यांचे सर्वोत्तम काम हेच. शेवटी ‘प्रोफेसर’ (१९६२) ठेवा. यातली करड्या शिस्तीची पालक, म्हातारा बनून आलेल्या शम्मी कपूरवर भाळते, आणि तेच ताठ खांदे एकदम लाजरे होतात. त्याआधी ‘जंगली’ (१९६१) पाहिला असेल, जिथे त्या शम्मी कपूरचीच कडक आई आहेत, तर या प्रसंगाची गंमत दुप्पट.

वयाचा हिशेबही मनात ठेवा. ‘दाग’मध्ये (१९५२) त्या दिलीपकुमारची आई आहेत, प्रत्यक्षात त्याच्याहून जेमतेम सहा वर्षांनी मोठ्या. म्हातारपण पोक काढून आणि चाल जड करून आणलेले आहे, आणि ते त्या कुठेही विसरत नाहीत.

दूरदर्शनच्या ‘रामायणा’तली मंथरा त्यांचीच ना? (इंदूर)

हो. मालिका १९८७मध्ये सुरू झाली तेव्हा त्या सत्तरीच्या होत्या. मंथरेचे काम मात्र त्यांना नवे नव्हते. १९६१च्या ‘संपूर्ण रामायण’मध्येही मंथरा त्याच होत्या.