बोटाच्या जखमेचे टाके काढायला आलेल्या पेशंटच्या कोडला ए लावायचा की डी?

प्रश्न अमेरिकेतल्या मेडिकल कोडिंगचा आहे, म्हणजे विमा क्लेमसाठी निदान आणि उपचार ठरलेल्या कोडमध्ये लिहिण्याचा. तुम्ही दिलेला चार्ट थोडक्यात असा: उजव्या हाताची तर्जनी सुरीने कापली, इमर्जन्सीत टाके घातले, बाराव्या दिवशी पेशंट टाके काढायला एका फॅमिली डॉक्टरकडे गेला. त्या डॉक्टरकडे तो पहिल्यांदाच आला म्हणून तुम्ही कोडच्या शेवटी ए ('इनिशियल एन्काउंटर') लावलात, कोडिंग तपासणाऱ्या ऑडिटरने डी ('सब्सिक्वेंट एन्काउंटर') केला, आणि वर तुम्ही विचारताय की टाके काढण्याचा वेगळा कोड झेड४८.०२ का नाही.

ऑडिटरचं बरोबर आहे. कोड एस६१.२१०डी: एस६१.२१० म्हणजे उजव्या तर्जनीची कापलेली जखम, नख शाबूत, आणि डी हे सातवं अक्षर.

घोळ होतो तो 'इनिशियल एन्काउंटर' या नावामुळे. वाचलं की वाटतं, पहिली भेट. पण सातवं अक्षर भेटी मोजत नाही आणि डॉक्टर नवा की जुना हेही बघत नाही. त्या दिवशी जखमेवर सक्रिय उपचार झाले का, एवढंच ते सांगतं. इमर्जन्सीत जखम धुऊन नुसती बांधली आणि दुसऱ्या दिवशी हँड सर्जनने शिवली, तर दोघांनाही ए. याउलट उपचार पूर्ण होऊन जखम भरत असताना ड्रेसिंग बदललं, टाके काढले, नुसती पाहणी केली, तर डी. मग डॉक्टर कितीही नवा असो. मी शिकाऊ मुलांना एकच सांगते: चार्ट उघडल्यावर 'कितवी भेट' शोधू नका, 'आज काय केलं' ते वाचा. तुमच्या नोटमध्ये बहुधा असंच काही असेल: कडा नीट जुळल्यात, स्राव नाही, चार टाके काढले. यात नवा उपचार कुठेच नाही.

अक्षर एकच, पण त्याचा त्रास पेशंटला होतो. माझ्या पहिल्या वर्षी अशाच एका चार्टच्या दोन्ही भेटींना मी ए लावला होता. विमा कंपनीने दुसरी भेट म्हणजे नवी दुखापत असं धरलं, क्लेम अडवला आणि पेशंटकडून अपघाताचा खुलासा मागवला. बोट एकदाच कापलं होतं, पण माझ्या चुकीमुळे त्या बाईंना ते कागदोपत्री पटवून द्यावं लागलं. तेव्हापासून सातवं अक्षर दोनदा तपासल्याशिवाय मी चार्ट सोडत नाही.

आता झेड४८.०२. इंडेक्समध्ये टाके काढणं शोधलं की तोच समोर येतो, म्हणून मोह होतो. अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ पूर्वी निदानाच्या कोडची जुनी यादी, आयसीडी-९, होती आणि तिथे टाके काढायला व्ही५८.३२ हा कोड होता. जुन्या लोकांच्या हातात ती सवय अजून आहे. त्यानंतर आलेल्या आयसीडी-१०-सीएमची गाइडलाइन मात्र स्पष्ट आहे: ज्या दुखापतीच्या कोडला सातवं अक्षर आहे, तिथे आफ्टरकेअरचे (उपचारानंतरच्या देखभालीचे) झेड कोड वापरायचे नाहीत. डी म्हणजेच आफ्टरकेअर. एखादी गाठ काढून घातलेले टाके असते, तर झेड४८.०२ चालला असता.

सुरीचा कोडही याच भेटीला डी घेऊन येतो: डब्ल्यू२६.०एक्सएक्सडी. ठिकाणाचा वाय९२ आणि त्या वेळी काय करत होता याचा वाय९३ फक्त सुरुवातीच्या भेटीला, इथे नको.

भेट टाके काढण्याचीच असली, पण जखम बिघडलेली निघाली, तर सावध राहा. शिवलेली जखम उसवली असेल आणि डॉक्टर ती पुन्हा शिवत असतील, तर तो गुंतागुंतीवरचा सक्रिय उपचार झाला, टी८१.३३एक्सए. संसर्ग असेल तर त्याचा कोड वेगळा द्यावा लागतो. उजव्या हाताच्या बोटाचा सेल्युलायटिस (त्वचेचा पसरणारा संसर्ग) एल०३.०११, डाव्याचा एल०३.०१२. पण 'थोडं लालसर' एवढ्यावर सेल्युलायटिस लावू नका, निदान डॉक्टरांनी लिहिलेलं हवं. महिन्यांनी पेशंट व्रणाच्या तक्रारीसाठी आला तर आधी व्रणाचा एल९०.५ आणि मागून एस६१.२१०एस, या क्रमाने; शेवटचा एस म्हणजे जुन्या दुखापतीचा मागे राहिलेला परिणाम.

प्रोसिजरच्या बाजूला, म्हणजे डॉक्टरांनी केलेल्या कामाच्या कोडमध्ये, २०२३ पासून १५८५३ हा ॲड-ऑन (जोडीने जाणारा) कोड आहे, भूल न देता टाके किंवा स्टेपल काढायला. तो ई-एम भेटीच्या (डॉक्टरांच्या तपासणीच्या) कोडसोबतच जातो, एकटा नाही. तुमच्या केसमध्ये टाके दुसऱ्यांनी घातलेत, त्यामुळे फॅमिली डॉक्टर दोन्ही लावू शकतात. ज्याने शिवलं त्यानेच काढले, तर मेडिकेअरचा (अमेरिकेच्या सरकारी विम्याचा) ग्लोबल पीरियड बघा, म्हणजे शिवण्याच्या पैशांतच धरलेले नंतरचे दिवस. साध्या शिवणीला (१२००१) तो ० दिवस, हातावरच्या इंटरमीजिएट (खोल थरांपर्यंतच्या) शिवणीला (१२०४१) १० दिवस. शिवल्याचा दिवस सोडून मोजायचं. त्या १० दिवसांत आला तर ९९०२४, म्हणजे वेगळे पैसे नाहीत.

आणि एक गोष्ट तुम्ही विचारली नाहीत, पण फॉलो-अपच्या चार्टमध्ये मला सगळ्यात जास्त तीच छळते. नोटमध्ये नुसतं 'बोटाचे टाके काढले' लिहिलेलं असतं. कोणतं बोट, कोणता हात, नखाला इजा होती का, काहीच नाही. एस६१.२१० उजव्या तर्जनीचा, एस६१.२११ डाव्या तर्जनीचा, अंगठा तर एस६१.० मध्ये, आणि बाकीच्या बोटांत नखाला इजा असेल तर गटच बदलून एस६१.३. अशा वेळी घाईत एस६१.२१९ (कोणतं बोट ते न सांगणारा) टाकून मोकळं व्हायचं नाही, आणि इमर्जन्सीचा जुना चार्ट बघून परस्पर बोट ठरवायचंही नाही. डॉक्टरांना क्वेरी (लेखी विचारणा) पाठवा. दोन ओळी पुरतात: कोणत्या हाताचं कोणतं बोट आणि नख शाबूत होतं का.