वाचकांचे प्रश्न : वडील कॅमेऱ्यापुढे येत नाहीत

प्रश्न : आमचे मूळ गाव किल्लारीजवळचे. 30 सप्टेंबर 1993 च्या भूकंपात आमचे माळवदाचे घर पडले आणि घरातली तीन माणसे गेली. माझा जन्म नंतरचा, पुनर्वसित गावातला. आमच्या कुटुंबावर मोबाइलवरच माहितीपट करावा असे मनात आहे, परंतु जुना एकही फोटो उरलेला नाही, कॅमेरा दिसला की वडील शेताकडे निघून जातात आणि आत्या म्हणते, "खपली कशाला काढायलीस?" आजी मात्र बोलायला तयार आहे. सुरुवात कुठून करावी?
– एक वाचक, औसा तालुका

उत्तर : आजीला खुर्चीवर बसवून "त्या रात्री काय झाले?" असे विचारू नका. गणपती विसर्जनाची रात्र, पहाटे चारच्या सुमाराचा तो आवाज, धुरळा, हे सारे त्यांनी आल्यागेल्याला इतक्या वेळा सांगितले असेल की त्या हकिकतीला एक ठरीव चाल आली असणार. त्याऐवजी त्यांच्या हाती खडू द्या आणि अंगणातल्या फरशीवर जुन्या घराचा नकाशा काढायला सांगा : ढाळज म्हणजे दारालगतची बैठकीची जागा कुठे होती, धान्य साठवायचे बळद कुठे, चूल कोणत्या भिंतीला, कोण कोणत्या खणात निजत असे. कॅमेरा हातांवर ठेवा. आत्या जवळ असतील तर "चूल तिथं नव्हती गं माय" म्हणत त्या स्वतःच खडू घेतील असा संभव आहे. तो वाद मध्येच तोडू नका.

भूकंपाइतकाच, किंबहुना माझ्या मते अधिक, कस घराच्या मापात आहे. पूर्ण पडलेली गावे नव्या जागी वसवताना कुटुंबाच्या जमिनीच्या प्रमाणात 250, 400 किंवा 750 चौरस फुटांची घरे देण्यात आली, आणि त्यामुळे भिंतीला भिंत लावून राहणारी भावकी वेगवेगळ्या रांगांत पांगली. तुमच्या वाट्याला कोणते माप आले, सातबाऱ्यावर तेव्हा कोणाचे नाव होते, शेजारी कोण आले, हे विचारा आणि फेरफाराच्या नोंदी काढून पाहा.

वडिलांचे चोरून चित्रीकरण मुळीच करू नका. त्यांच्याबरोबर शेतात रिकाम्या हाताने जा. पुढेमागे ते तयार झाले तर केवळ आवाज घ्या. तयार झालेला माहितीपट आधी घरात दाखवा आणि कोणी "हे काढ" म्हणाले तर तो प्रसंग काढून टाका, मग तो कितीही चांगला साधलेला असो.

चित्रीकरणाच्या वेळी पंखा बंद ठेवा, कॉलरला लावायचा माइक वापरा. माझ्या मावशीचे दीड तासाचे बोलणे पंख्याच्या घरघरीत वाया गेले आणि पुन्हा ती तशी बोलली नाही.

फोटोंचे म्हणाल, तर ते सोयऱ्यांकडे शोधा. आत्यांचे लग्न भूकंपाआधी आणि तुमच्या दारात झाले असेल, तर त्यांच्या सासरच्या अल्बममध्ये एखाद्या फोटोच्या कडेला जुन्या घराची भिंत सापडू शकेल. तो अल्बम त्यांच्याकडूनच मागावा लागणार असल्याने खपलीचा विषय आजीच्या आधी त्यांच्याशी बोलून घ्या.